दारावरची घंटा आणि शुक्राकडे रोखलेली तोफ

विमानवाहू जहाजावरून विजेच्या जोरावर विमान भिरकावल्याचा व्हिडिओ आला, की खाली ‘आमच्याकडे हे हजारो वर्षांपूर्वीच होतं’ हे ठरलेलंच. पुराव्याला ‘वैमानिकशास्त्र’ हा विमानविद्येचा म्हणवला जाणारा संस्कृत ग्रंथ. बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या अभ्यासकांनी १९७४ मध्येच ते तपासलं आणि त्यातली विमानं उडू शकत नाहीत असं सांगितलं. पण हा निष्कर्ष काही फॉरवर्ड होत नाही.

विजेने फेकायची कल्पना जुनी आहे हे खरं, पण ती जिथे सापडते त्या पुस्तकावर साल छापलेलं आहे. जॉन मन्रो हा ब्रिटिश अभियंता. विद्युत अभियंत्यांसाठी नियम-कोष्टकांचं खिशात मावणारं पुस्तक करणाऱ्या दोघांपैकी हा एक. तारायंत्राच्या शिल्पकारांची चरित्रंही त्याने सामान्य वाचकांसाठी लिहिली. १८९७ मध्ये त्याची ‘अ ट्रिप टू व्हीनस’ ही कादंबरी आली. तिच्यातली पात्रं ग्रहांवर जायचं कसं यावर गप्पा मारतात, आणि त्यात विजेच्या तोफेची गोष्ट निघते.

तोफच का? ज्यूल व्हर्न या फ्रेंच लेखकाने १८६५ मध्ये आपल्या कादंबरीत माणसं ९०० फुटी तोफेतून चंद्राकडे धाडली होती. तेवढ्या, म्हणजे २७४ मीटरांत पृथ्वीच्या ओढीतून सुटायला लागणारा सेकंदाला ११ किलोमीटरचा वेग गाठायचा, तर त्वरण, म्हणजे वेग वाढण्याचा दर, गुरुत्वाच्या सुमारे २२,००० पट होतं. साठ किलोच्या माणसाचं वजन तेराशे टन! चंद्रावर पोचेल तो लगदा. धक्का सोसवेल इतका कमी हवा असेल, तर नळी लांबवायची आणि वाटेत थोडं थोडं ढकलत राहायचं. गुरुत्वाच्या तिप्पट त्वरण धरलं, तर नळी होते सुमारे दोन हजार किलोमीटरची.

हे ढकलणं कसं, ते तुमच्या दारावरच्या टिंग-टाँग घंटेत आहे. बटण दाबलं की तारेच्या वेटोळ्यातून वीज वाहते आणि वेटोळं लोखंडी दांडा आत ओढून घेतं. टिंग. आता अशी वेटोळी ओळीने मांडा. पहिल्याने गोळा ओढला, की दुसऱ्याने ओढायचं, मग तिसऱ्याने. गंमत अशी, की वेटोळं गोळ्याला आपल्या मध्याकडे ओढतं. गोळा मध्य ओलांडून गेला आणि प्रवाह चालूच असला, तर तेच वेटोळं त्याला मागे खेचतं. म्हणून प्रवाह नेमका मध्यावर तोडायचा. पण प्रवाहालाही जडत्वासारखा हट्ट असतो. चुंबकीय क्षेत्रात साठलेली ऊर्जा बाहेर पडेपर्यंत तो थांबत नाही. दहा सेंटिमीटरचं वेटोळं ओलांडायला सेकंदाला १०० मीटर वेगाच्या गोळ्याला एक मिलिसेकंद लागतो, आणि ११ किलोमीटरच्या वेगाला जेमतेम नऊ मायक्रोसेकंद. तेवढ्यात हजारो अँपियर चढवायचे आणि उतरवायचे. त्यात लोखंडाचं चुंबकत्व साधारण दोन टेस्लाला (टेस्ला हे चुंबकीय क्षेत्राचं एकक) संपृक्त होतं, म्हणजे प्रवाह वाढवला तरी ओढ त्या प्रमाणात वाढत नाही.

मन्रोची माणसं प्रत्यक्षात मात्र एका संशोधकाच्या गूढ यंत्रातूनच शुक्रावर जातात. आणि शुक्र त्याने केवढा रम्य रंगवलाय! तिथलं तापमान ४६० अंश सेल्सिअसच्या घरात आहे, हे कळायला त्यानंतर साठ-सत्तर वर्षं जावी लागली.

विजेची खरी तोफ नॉर्वेच्या क्रिस्टियन बर्कलँड या भौतिकशास्त्रज्ञाने बांधली. १९०३ मध्ये क्रिस्टियानियात, म्हणजे आजच्या ऑस्लोत, भरल्या सभागृहात प्रयोग करताना शॉर्टसर्किट झालं आणि विजेची प्रचंड ज्योत उठली. तोफेचा धंदा बुडाला. पण अशीच ज्योत वापरून हवेतल्या नायट्रोजनपासून खत करायची पद्धत त्याने सॅम आयडे या उद्योजकाबरोबर उभी केली, आणि १९०५ मध्ये त्यातून नॉर्स्क हायड्रो ही कंपनी निघाली.