जरकन, झिर्कॉन, झिर्कोनिया, गोमेद: खडा घेण्यापूर्वी नाव नीट समजून घ्या

इंदूरच्या सराफ्यात ‘जरकन’ हा शब्द दिवसभर कानावर पडतो आणि तो दोन अगदी वेगळ्या वस्तूंसाठी वापरला जातो. एक म्हणजे जमिनीतून निघणारं झिर्कॉन हे खनिज. दुसरी म्हणजे कारखान्यात वितळवून केलेली क्युबिक झिर्कोनिया, जिला अमेरिकन डायमंड किंवा नुसतं ‘एडी’ म्हणतात. कुड्या, नथ, पेंडंट यांत चमकणारे बिनरंगी ‘जरकन’ जवळजवळ सगळे दुसऱ्या प्रकारचे असतात, आणि त्यात गैर काही नाही. अडचण येते ती ज्योतिषांची चिठ्ठी घेऊन ‘सव्वापाच रत्ती जरकन’ मागताना. चिठ्ठी लिहिणाऱ्याच्या मनात खनिज असू शकतं आणि पुडीत एडी येऊ शकते. दोन्ही बाजू एकच शब्द बोलतात, त्यामुळे चूक लक्षातही येत नाही. म्हणून खरेदीपूर्वी आमच्या दुकानाचं हे पत्रक वाचा आणि बिलावर खड्याचं पूर्ण नाव मागा.

नावं कुठून आली, कशाला लागतात

झिर्कॉन या नावाचं मूळ फारसी ‘ज़रगून’मध्ये मानतात: ज़र म्हणजे सोनं, गून म्हणजे रंग. महेश्वरी साडीच्या जरीतला ‘जर’ तोच. सोनेरी-तपकिरी झिर्कॉन पाहिला की हे नाव पटतं. तांबूस-नारिंगी झिर्कॉनला जुन्या युरोपीय रत्नग्रंथांत हायसिंथ किंवा जासिंथ म्हणत, तर श्रीलंकेतल्या बिनरंगी झिर्कॉनला ‘मातारा डायमंड’ असं फसवं नाव होतं. असं नाव कुणी आजही सांगितलं, तर तो हिरा नाही हे लक्षात ठेवा.

रसायनाच्या भाषेत झिर्कॉन म्हणजे झिर्कोनियम सिलिकेट. १७८९ साली जर्मन रसायनशास्त्रज्ञ क्लाप्रोट यांनी श्रीलंकेच्या अशाच खड्यातून एक नवं ऑक्साइड वेगळं ओळखलं. त्यातला धातू, म्हणजे झिर्कोनियम, १८२४ साली बर्झेलियस यांनी मिळवला. या धातूच्या मिश्रधातूच्या नळ्यांत अणुभट्टीचं इंधन भरतात. हैदराबादच्या न्यूक्लिअर फ्युएल कॉम्प्लेक्समध्ये अशा नळ्या तयार होतात. खनिजाची बारीक वाळू केरळ, तमिळनाडू आणि ओडिशाच्या किनाऱ्यांवर मिळते. ती टाइल्स आणि वॉशबेसिनच्या ग्लेझला पांढरेपणा देण्यासाठी आणि ओतकामाच्या साच्यांसाठी जाते. पैलू पाडण्याजोगे खडे मात्र श्रीलंका, कंबोडिया, म्यानमार, टांझानिया अशा ठिकाणांहून येतात. पृथ्वीवरचा आजवर सापडलेला सर्वांत जुना खनिजकण हा झिर्कॉनच आहे: पश्चिम ऑस्ट्रेलियातल्या जॅक हिल्सचा, सुमारे ४४० कोटी वर्षांचा. अशा खनिजाचं नाव एडीवर चिकटावं याचं आम्हाला वाईट वाटतं.

झिर्कोनिया म्हणजे झिर्कोनियमचं ऑक्साइड. यात सिलिका नाही. निसर्गात ते बॅडेलेआइट या दुर्मीळ खनिजाच्या रूपात मिळतं. १८९२ साली श्रीलंकेच्या नमुन्यावरून या खनिजाला नाव मिळालं. ते बहुधा काळपट असतं आणि दागिन्याच्या कामाचं नाही. हिऱ्यासारखं दिसणारं घनाकार स्फटिकाचं रूप निसर्गात १९३७ साली दिसलं, पण सूक्ष्म कणांपुरतंच. बाजारातली सगळी क्युबिक झिर्कोनिया माणसाने केलेली आहे. सोव्हिएत संघात १९७० च्या दशकात तिची पद्धत बसवली गेली: पाणी खेळवलेल्या तांब्याच्या नळ्यांच्या भांड्यात पावडर ठेवून रेडिओ लहरींनी ती सुमारे २,७५० अंशांवर वितळवायची. कडेची पावडर न वितळता कवचासारखी राहते आणि तीच आतल्या रसाला धरून ठेवते. त्यात यट्रियम किंवा कॅल्शियमचं ऑक्साइड मिसळावं लागतं. नाहीतर थंड होताना स्फटिकाची रचना बदलते आणि तो तडकून जातो. दातांच्या पांढऱ्या कॅपला ‘झिर्कोनिया’ म्हणतात तीही ऑक्साइडचीच, पण अपारदर्शक.

राहिला गोमेद. राहूसाठी जो मधाच्या रंगाचा खडा विकला जातो तो हेसोनाइट, म्हणजे गार्नेट कुळातला खडा. त्यात झिर्कोनियम नाही. तरी काही जुन्या पुस्तकांत झिर्कॉनलाच गोमेद म्हटलेलं सापडतं, कारण तपकिरी-नारिंगी झिर्कॉन आणि हेसोनाइट नुसत्या डोळ्यांना सारखे दिसतात. आम्ही बिलावर ‘गोमेद (हेसोनाइट गार्नेट)’ असंच लिहितो.

कसं ओळखायचं

दहापट भिंग घ्या, खडा पुसा आणि वरच्या सपाट पैलूतून, म्हणजे टेबलमधून, खालच्या पैलूंच्या कडांकडे पाहा. झिर्कॉनमध्ये प्रत्येक कड दुहेरी दिसते, रेल्वेच्या दोन रुळांसारखी. क्युबिक झिर्कोनिया, हिरा आणि हेसोनाइट या तिघांत कड एकेरीच राहते. इथे एक मेख आहे. झिर्कॉनच्या स्फटिकात एक दिशा अशी असते की तिकडून पाहिल्यास दुहेरीपणा नाहीसा होतो, आणि चांगले कारागीर खडा धूसर दिसू नये म्हणून टेबल मुद्दाम त्याच दिशेला पाडतात. म्हणून सरळ वरून पाहून निकाल देऊ नका. खडा तिरपा करून, बाजूच्या पैलूंतूनही पाहा. कडा दुहेरी दिसल्या म्हणजे झिर्कॉन ठरलाच असंही नाही, कारण मोइसनाइट या हिऱ्यासारख्या दिसणाऱ्या मानवनिर्मित खड्यातही त्या दुहेरी दिसतात. तिथे वजन निवाडा करतं.

वजनाची चाचणी सर्वांत भरवशाची. खड्याचं हवेतलं वजन घ्या, मग तो पाण्यात टांगून वजन घ्या. हवेतल्या वजनाला दोन्हींतल्या फरकाने भागा. जे येतं ती घनता. ५.१५ कॅरेटचा खडा पाण्यात ४.०५ भरला, तर फरक १.१० आणि घनता ४.६८: हा झिर्कॉन. तेवढाच खडा पाण्यात ४.२७ भरला, तर ५.८५: ही झिर्कोनिया. ३.७४ भरला, तर ३.६५: हा गोमेद. मोइसनाइट ३.२ च्या आसपास येतो. पाणी उकळून थंड केलेलं असावं आणि त्यात भांड्यांच्या साबणाचा एक थेंब टाकावा, कारण खड्याला चिकटलेला हवेचा बुडबुडा पाण्यातलं वजन कमी दाखवतो आणि घनता खोटी घटते. अर्ध्या कॅरेटखालच्या खड्यांवर ही चाचणी आम्ही करत नाही. तिथे फरकच ०.११ कॅरेटचा असतो; काटा ०.०१ ने चुकला तर ४.५ चे थेट ५ होतात.

दुकानांत असणारा ‘डायमंड टेस्टर’ या कामी उपयोगाचा नाही. तो उष्णता किती वेगाने वाहते ते पाहतो. झिर्कॉन आणि झिर्कोनिया दोघांनाही ‘हिरा नाही’ एवढंच सांगतो, आणि मोइसनाइटला बऱ्याचदा हिरा ठरवतो. खड्यात शिरताना प्रकाश किती वळतो (अपवर्तनांक) ते मोजणाऱ्या साध्या रिफ्रॅक्टोमीटरची मर्यादा १.८१ पर्यंत असते. झिर्कॉन (सुमारे १.९२ ते १.९८) आणि झिर्कोनिया (सुमारे २.१५ ते २.१८) दोन्ही त्यापलीकडे, त्यामुळे आकडा मिळत नाही. गोमेद मात्र १.७४ जवळ स्वच्छ वाचता येतो, आणि भिंगाखाली त्याच्या आत पाक ढवळल्यासारख्या लाटा दिसतात. लाटा नसून गोल बुडबुडे दिसले तर काचेचा संशय घ्या. प्रकाशातले रंग वेगळे करून दाखवणारा स्पेक्ट्रोस्कोप हाताशी असेल, तर बऱ्याच झिर्कॉनमध्ये लाल भागात ६५३.५ नॅनोमीटरजवळ काळी रेघ ठळक दिसते.

रंग पाहायचा असेल तर दुपारी या. संध्याकाळी सराफ्यात खाऊची दुकानं लागतात तोवर उजेड पिवळा झालेला असतो. त्या उजेडात निळा झिर्कॉन मरगळलेला आणि तपकिरी गोमेद आहे त्याहून उजळ वाटतो.

निळ्या झिर्कॉनबद्दल स्पष्ट सांगायला हवं. बाजारातला जवळजवळ प्रत्येक निळा खडा मूळचा तपकिरी असतो आणि ऑक्सिजन कमी असलेल्या वातावरणात तापवून निळा केलेला असतो. भरपूर हवेत तापवला तर तो सोनेरी किंवा बिनरंगी होतो. रत्नव्यवहारात हे मान्य आहे, पण बिलावर ‘तापसंस्कारित’ असा उल्लेख असलाच पाहिजे.

रत्ती, कॅरेट आणि सोन्याचं वजन

एक कॅरेट म्हणजे २०० मिलिग्रॅम, यावर वाद नाही. रत्तीचं तसं नाही. सोनाराची रत्ती सुमारे १२१.५ मिलिग्रॅम, तर रत्नवाल्यांची पक्की रत्ती सुमारे १८२ मिलिग्रॅम. सव्वापाच रत्तीचा खडा एका हिशेबाने ३.१९ कॅरेट होतो आणि दुसऱ्याने ४.७८ कॅरेट. भाव रत्तीवर सांगितला असेल तर ‘कोणती रत्ती?’ हे आधी विचारा आणि बिल कॅरेटमध्येच घ्या.

झिर्कोनिया जड असते. हिऱ्याच्या आकाराची एडी हिऱ्याच्या सुमारे १.६५ पट वजनाची भरते. म्हणून ‘एक कॅरेट’ एडी आकाराने छोटी दिसते. ती मिलिमीटरने मागावी. याचा खरा फटका सोन्याच्या दागिन्यात बसतो. पेंडंटचं ढोबळ वजन ८.४६० ग्रॅम आणि त्यात एकूण २.१ कॅरेटच्या एडी असतील, तर खड्यांचं वजन ०.४२० ग्रॅम आणि सोनं ८.०४० ग्रॅम. खड्यांचं वजन वजा न करता बिल झालं, तर जवळजवळ अर्धा ग्रॅम झिर्कोनिया तुम्ही सोन्याच्या भावाने घेतलीत. मोड देताना तेच वजन तुमच्याकडून कापलं जाईल.

हॉलमार्क आणि सहा अक्षर-अंकी एचयूआयडी (दागिन्याचा स्वतंत्र ओळख क्रमांक) सोन्याच्या शुद्धतेबद्दल बोलतात, खड्याबद्दल काहीच नाही. बिलावर खड्याची ओळ वेगळी हवी. उदाहरणार्थ: ‘नैसर्गिक झिर्कॉन, निळा, तापसंस्कारित, ३.१० कॅरेट’ किंवा ‘क्युबिक झिर्कोनिया, मानवनिर्मित, ४२ नग’. नुसतं ‘जरकन’ लिहिलेलं बिल आम्ही देत नाही, आणि तुम्हीही कुठेच घेऊ नये. चिठ्ठीवर जरकन असेल तर नैसर्गिक हवा की कसाही चालेल, हे ज्योतिषांनाच विचारून या. ते ठरवणं आमचं काम नाही.

वापरताना काय बिघडतं

झिर्कॉन ठिसूळ आहे. काठिण्य (मोह्स मोजपट्टीवर, जिथे हिरा १०) ६.५ ते ७.५ असलं तरी कडांचे टवके लवकर उडतात; एका पुडीत चार खडे ठेवले तर एकमेकांवर घासूनच पैलूंच्या धारा बोथट होतात. प्रत्येक खडा वेगळ्या पुडीत ठेवा. रोजच्या अंगठीपेक्षा पेंडंट किंवा कानातलं बरं. अंगठीच करायची तर पंज्यांऐवजी पूर्ण काठ असलेला जडाव घ्या. अल्ट्रासॉनिक यंत्र आणि वाफ दोन्ही टाळा. कोमट पाणी, सौम्य साबण आणि मऊ ब्रश पुरेसा आहे.

अंगठीचं माप बदलताना खडा काढूनच ज्योत लावायला सांगा. झिर्कॉन तडकतो, आणि तापवून आणलेला रंग पुन्हा तापवल्यावर पालटू शकतो. काही निळे खडे तीव्र अतिनील प्रकाशात तपकिरीकडे झुकतात, म्हणून नेलपॉलिश वाळवणाऱ्या यूव्ही दिव्याखाली हात घालण्यापूर्वी अंगठी काढा.

एडीचं काठिण्य ८ ते ८.५. ती इतकी उष्णता सोसते की मेणात खडे बसवून सोनं थेट ओततात. मात्र तापलेली असताना पाण्यात बुडवली तर तडकते. ‘एडी काळी पडली’ अशी तक्रार बहुतेक वेळा खड्याची नसते. मागे साबण आणि क्रीमचा थर साचलेला असतो, किंवा मुलामा उडालेला असतो. थर धुतला की चमक परत येते. चिकटवलेले किंवा मागे पन्नी असलेले खडे मात्र पाण्यात बुडवू नका. पन्नीत पाणी शिरलं की डाग कायमचा.

तपासणीला आणताना

सुटा खडा आणलात तर वजन आणि घनता दोन्ही पाहता येतात. जडवलेल्या खड्याची भिंगाने पाहणी होते, घनता नाही. मागून बंद जडावात तीही अपुरी पडते. जुनं बिल, प्रमाणपत्र किंवा ज्योतिषांची चिठ्ठी असेल तर सोबत आणा. जडाव उकलावा लागला तर खड्याचा टवका उडण्याचा धोका असतो, झिर्कॉनला सर्वांत जास्त. म्हणून आधी खड्याच्या कडा भिंगातून तुम्हाला दाखवतो, असलेले टवके पावतीवर लिहितो आणि तुमची सही झाल्यावरच पंजे उचलतो.