टक्के कशाचे? गेममधल्या तलवारीचं गणित

समजा गेममधल्या तुमच्या गड्याकडं १०० डॅमेजची तलवार आहे आणि अंगावरच्या सगळ्या सामानाचे मिळून ३००% बोनस जमलेत, म्हणजे एका घावाला ४०० बसायलेत. आता एक राक्षस मेला आणि दोन अंगठ्या पडल्या. एकीवर लिहिलंय डॅमेज ४०% नं वाढेल, दुसरीवर १५%, फक्त दुसरीचा बोनस वेगळा, सगळ्यात शेवटी गुणाकारात लागणारा. कोणती घालणार? लातूरला माझा भाचा आहे, बारावीला, फिजिक्सचे एमसीक्यू धडाधड उडवतो, पण इथं त्यानं डोळे झाकून ४० वाली घातली. मी म्हणलं १५ वाली घाल, तर "मामा, तुमी बी काय सांगायलाव" म्हणून परत खेळायला लागला.

हिशोब सरळ आहे. पहिल्या अंगठीचे ४०% हे मूळच्या १०० चे. ते आधीच्या ३०० मध्ये जाऊन बसतात, ३४० होतात, घाव ४०० चा ४४० झाला. वाढ किती, तर १०%. दुसरीचे १५% हे सगळी बेरीज झाल्यावर जे ४०० आलेत त्यांचे, म्हणजे ४६०. झालं. टक्का दिसला की आधी विचारायचं टक्के कशाचे, हा प्रश्न सोसायटीच्या कर्जाला विचारतो तसाच इथं विचारायचा, आणि गंमत म्हणजे ह्या एका प्रश्नावर बिल्ड, म्हणजे गड्याच्या सामानाची आणि पॉइंटांची जुळणी, बनवायचं निम्मं शास्त्र उभं आहे.

आणि ४० वाली कायमच वाईट असंही नाही बरं. गेमच्या सुरुवातीला तुमच्याकडं जेमतेम १००% बोनस असताना ती २०० चे २४० करते आणि १५ वाली २३०, तिथं भाचाच बरोबर. बोनस १६६% च्या थोडं पुढं सरकला की पारडं फिरतं. म्हणजे एकच वस्तू एकाला सोनं आणि दुसऱ्याला भंगार, त्याच्या अंगावर आधीपासून काय आहे त्यावर ठरतंय.

न्यूझीलंडच्या कंपनीचा पाथ ऑफ एक्झाईल हा गेम २०१३ ला आला, त्यात हा प्रकार अगदी उघड लिहून दिलाय. इन्क्रीज्ड लिहिलेले सगळे बोनस आधी एकमेकांत मिळवायचे, आणि मोर लिहिलेला प्रत्येक बोनस वेगवेगळा गुणायचा. बाकीच्या लई गेममध्ये हे पाटीवर लिहिलेलं नसतं, पण आत कप्पे असतातच. एका कप्प्यातले बोनस आपसात बेरजेत, कप्प्याकप्प्यांत गुणाकार. मग तुमच्याकडं समजा गड्याची ताकद वाढवायचे १२ पॉइंट आहेत, एका पॉइंटला १०%. सगळे एकाच कप्प्यात ओतले तर डॅमेज २.२ पट. दोन कप्प्यांत सहा-सहा टाकले तर १.६ गुणिले १.६, म्हणजे २.५६ पट. तीन कप्प्यांत चार-चार टाकले तर २.७४ पट. पॉइंट तेवढेच, मेहनत तेवढीच. बेरीज ठरलेली असली की सगळे आकडे सारखे ठेवल्यावर गुणाकार सगळ्यात मोठा येतो, हे आपण अकरावीला अंकगणिती मध्य आणि भूमितीय मध्य म्हणून घोकलेलं असतंय, तेच हे.

आपल्याकडच्या माणसाला हे कापसाच्या रानावरून पटकन कळेल. नुसता युरिया टाकत राहिलं तर झाड हिरवंगार माजतं पण बोंडं काय तेवढी धरत नाहीत, कारण स्फुरद, पालाश कुठंतरी कमी पडलेलं असतं, आणि मग पुढच्या प्रत्येक गोणीचा फायदा आधीच्या गोणीपेक्षा कमी. लीबिग नावाच्या जर्मन रसायनशास्त्रज्ञानं १९ व्या शतकात हाच नियम लोकांपर्यंत नेला, जे सगळ्यात कमी आहे ते पिकाला अडवतं म्हणून. गेमचं गणित तंतोतंत तसं नाही, तिथं गुणाकार आहे, पण सवय तीच लावायची, जे आधीच भरपूर आहे त्यात अजून भर घालायच्या आधी बाकीचे कप्पे बघायचे.

आता क्रिटिकलकडं या, कारण पोरं सगळ्यात जास्त इथंच फसतात. क्रिट म्हणजे मधूनच एखादा घाव जोरात बसणं. त्याचे दोन भाग, बसायचा चान्स किती आणि बसला तर जादा किती. सरासरी पट काढायची तर १ अधिक चान्स गुणिले जादा डॅमेज. चान्स ५०% आणि जादा १००% असेल तर सरासरी दीड पट. परत गुणाकार आला बघा, म्हणजे परत समतोलाचा मामला. २०२० ला आलेल्या गेन्शिन इम्पॅक्टमध्ये प्रत्येकाला सुरुवातीला ५% चान्स आणि ५०% जादा डॅमेज मिळतं, आणि सामानावर जे बारीक बोनस पडतात त्यात चान्सचा एक मोठा तुकडा ३.९% चा तर क्रिट डॅमेजचा ७.८% चा, बरोब्बर दुप्पट. म्हणून तिथले खेळाडू एकास दोन, एकास दोन असा जप करत असतात. तो जप कुठून आला ते करून बघा. चान्सचा एक टक्का डॅमेजच्या दोन टक्क्यांना पडतो असं धरलं आणि तुमच्याकडं एकूण २०० चं बजेट आहे, तर ५० आणि १०० घेतल्यावर दीड पट. २० आणि १६० घेतलं तर १.३२. उलटं ८० आणि ४० घेतलं तरी १.३२ च. दोन्ही टोकं सारखीच फसतात, मध्ये माल आहे.

सरासरीचं हे शास्त्र जुगारातूनच जन्मलं, १६५४ मध्ये पास्कल आणि फर्मा ह्या दोन फ्रेंच माणसांनी अर्धवट राहिलेल्या डावातले पैसे कसे वाटायचे यावर एकमेकांना पत्रं लिहिली तिथून. आपल्याकडं नळ-दमयंतीच्या गोष्टीत तर ऋतुपर्ण राजा बेहड्याच्या झाडाकडं नुसतं बघून फळं-पानं किती ते सांगतो, नळ मोजून बघतो तर आकडा बरोबर, आणि मग नळ त्याला घोड्यांची विद्या देतो आणि त्याच्याकडून फाशांची घेतो. फाशांची विद्या आणि नजरेनं अंदाज काढायची विद्या एकाच माणसाकडं असणं मला लई अर्थाचं वाटतं, पण ते जाऊद्या.

क्रिटबद्दल एक तक्रार सगळे करतात, गेम चीटिंग करायलाय. २५% चान्स आहे आणि दहा घाव झाले, एकही क्रिट नाही. बाबांनो, ०.७५ ला दहा वेळा गुणा, ५.६% येतं. म्हणजे अशा दहा-दहा घावांच्या शंभर फेऱ्या मारल्या तर पाच-सहा फेऱ्या कोरड्या जाणारच, आणि एका संध्याकाळी तुम्ही हजारो घाव मारता. माणसाचं डोकं कोरडी फेरी लक्षात ठेवतं, बाकीच्या विसरतं. म्हणूनच वॉरक्राफ्ट ३ आणि पुढं डोटामध्ये बनवणाऱ्यांनी फासाच वाकवला, २५% लिहिलेलं असलं तरी पहिल्या घावाला खरा चान्स ८.५% च्या आसपासच, आणि क्रिट बसेपर्यंत दर घावाला तो वाढत जातो. सरासरी २५ च राहते पण कोरड्या फेऱ्या जवळपास गायब. लोकांना खऱ्या नशिबापेक्षा हे खोटं नशीब जास्त खरं वाटतं.

इथपर्यंत सगळी सरासरीची भाषा झाली आणि स्क्रीनवर जो सेकंदाला डॅमेज म्हणून आकडा असतो, डीपीएस, तो ह्याच भाषेत असतो. पण राक्षस सरासरीनं मरत नाही, तो घावानं मरतो. एका राक्षसाची हेल्थ, म्हणजे त्याच्यात किती जीव आहे तो आकडा, १००० आहे. तुमचा घाव ३५० चा, तर तीन घाव लागतात. आता तुम्ही आठवडाभर घासून घाव ४९० चा केला, तब्बल ४०% वाढ. किती घाव लागतात? तीनच. दोन घावांत ९८० होतात, वीस बाकी राहतात, त्या वीससाठी तिसरा घाव. अजून फक्त दहानं वाढवा, ५०० करा, आणि काम दोन घावांवर येतं, अचानक गेम हलका वाटायला लागतो. नंतर ५०० पासून ९९९ पर्यंत कितीही कष्ट करा, दोनच. हा पायऱ्यांचा आलेख आहे, उताराचा नाही, आणि वस्तू विकत घ्यायच्या आधी आपण पायरीच्या काठाला आहोत की मधोमध, हे बघणं डीपीएसच्या आकड्यापेक्षा कितीतरी कामाचं. आमच्या भाच्याला ही गोष्ट मात्र पटकन पटली, कारण त्याचा घाव तेव्हा खरंच काठाला होता आणि हातमोज्यातल्या एका फालतू दगडानं तो पार झाला. "मामा, आता दोनातच मरायलंय की बे!" मामाला बे म्हणल्याबद्दल त्याच्या आईनं आतून हाक दिली ती वेगळी.

वेगालाही अशाच पायऱ्या असतात. २००० साली आलेला डायब्लो २ सेकंदाला २५ फ्रेमवर, म्हणजे स्क्रीनवरच्या २५ चित्रांवर, चालतो, म्हणजे एक फ्रेम ४० मिलिसेकंदाची, आणि घावाला पूर्ण फ्रेमच लागतात, साडेनऊ फ्रेम असला प्रकार नाही. तुमचा वार दहा फ्रेमचा असेल तर हल्ल्याचा वेग वाढवणाऱ्या वस्तू एकावर एक घालत जा, नऊ फ्रेमचा टप्पा येईपर्यंत काहीच फरक पडत नाही, आणि आला की एका फटक्यात ११% जास्त घाव. ते टप्प्यांचे तक्ते जुन्या खेळाडूंना पाढ्यासारखे पाठ असायचे.

मग समोरच्याचं चिलखत. काही गेममध्ये ते सरळ वजाबाकी करतं. चिलखत ४० चं असेल तर ५० च्या सुरीचे दहा घाव मिळून १०० च होतात, आणि ५०० च्या कुऱ्हाडीचा एक घाव ४६० चा बसतो, कागदावर दोन्ही हत्यारं ५०० चीच होती. पाथ ऑफ एक्झाईलमध्ये वजाबाकी नाही, गुणोत्तर आहे, पण घाव जेवढा मोठा तेवढं चिलखत कमी काम करतं, म्हणजे निकाल त्याच दिशेचा. एल्डन रिंगमध्ये अजून एक मेख आहे, तलवारीचं डॅमेज अर्धं साधं आणि अर्धं आगीचं असेल तर दोन्ही तुकड्यांना बचाव वेगवेगळा भरावा लागतो, त्यामुळं दोन तुकड्यांची बेरीज मोठी दिसली तरी हाती कमी येतं. दोन जीएसटी लागल्यासारखं, दुसरं काय.

स्वतःच्या जीवाचं गणित पोरं सगळ्यात शेवटी करतात, कारण त्याला आकडे उडत नाहीत. पण मेलेल्या गड्याचा डीपीएस शून्य, आणि सगळा गुणाकार शून्यावर येतो. पाथ ऑफ एक्झाईलमध्ये आगीचा रेझिस्टन्स, म्हणजे आगीचा किती मार अडतो तो टक्का, साधारण ७५% ला अडवलेला असतो, तो खटपट करून ८० केला तर पाच टक्क्यांचा फायदा वाटतो. खरं म्हणजे आधी १०० मधले २५ लागायचे, आता २०, म्हणजे मार एक पंचमांशानं घटला. टक्के कशाचे, परत तेच. वॉरक्राफ्ट ३ मध्ये उलटा भास होतो, चिलखत १० असताना मार ३७.५% अडतो आणि २० केलं तर फक्त ५४.५%, लोक म्हणतात पुढच्या दहाला तेवढा दम नाही. पण तुम्हाला मारायला लागणारा एकूण डॅमेज बघा, १.६ पटीवरून २.२ पट, आधीच्या दहानं जेवढा वाढवला होता तेवढाच. मात्र काही ठिकाणी दम खरंच संपतो. एल्डन रिंगमध्ये व्हिगर म्हणून हेल्थ वाढवणारा गुण आहे, तो ४० ला असताना हेल्थ १४५०, ६० ला १९००, म्हणजे पॉइंटला साडेबावीस, आणि ६० पासून ९९ पर्यंत चढलं तर फक्त २१००, पॉइंटला पाचाच्या आसपास. साठला थांबणाऱ्याला कुणी शहाणपण शिकवायची गरज नाही.

एवढे सगळे कप्पे, पायऱ्या, अडसर एकदम धरून सगळ्यात चांगलं बिल्ड शोधायचं म्हणलं तर हातानं होत नाही. पाथ ऑफ एक्झाईलमध्ये पॉइंट टाकायचा फांद्याफांद्यांचा नकाशा आहे, त्याला झाड म्हणतात, त्यात १३०० च्या वर ठिकाणं आहेत, त्यातली शंभरेक निवडायची, आणि ती एकमेकांना जोडलेलीही पाहिजेत. सगळ्या शक्यता तपासायला कुठलाच कॉम्प्युटर पुरणार नाही. म्हणून लोक एक-एक पॉइंट इकडून तिकडं हलवून आकडा वाढतो का बघतात, वाढला तर ठेवतात. ह्याला टेकडी चढणं म्हणतात आणि ह्याचा धोका म्हणजे छोट्या टेकडीच्या टोकावर अडकायला होतं, एक पाऊल कुठंही टाका, खालीच जातं, आणि पलीकडचा डोंगर धुक्यात. तिथं एकदम दहा-बारा पॉइंट उचलून दुसरीकडं टाकून बघायची हिंमत लागते. त्यासाठी खेळाडूंनीच बनवलेलं पाथ ऑफ बिल्डिंग नावाचं फुकटचं सॉफ्टवेअर आहे, अर्ध्या लोकांचा अर्धा खेळ त्यातच होतो.

वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्टवाल्यांचं सिम्युलेशनक्राफ्ट त्याहून वेगळ्या वाटेनं जातं, ते सूत्र मांडत बसत नाही, तीच लढाई हजारो वेळा फासे टाकून खेळून बघतं आणि सरासरी काढतं. ही मॉन्टे कार्लो पद्धत. १९४६ मध्ये उलाम नावाचा गणिती आजारातून उठत असताना पत्त्यांचा एकट्यानं खेळायचा सॉलिटेअर खेळत होता, डाव सुटायचा चान्स किती ते कागदावर निघेना, मग त्याला सुचलं की शंभर डाव मांडून मोजलं तर? त्यातून अणुबॉम्बवाल्या लॉस अलामोसमध्ये न्यूट्रॉनचे हिशोब झाले. खेळातून निघालेली पद्धत फिरून खेळातच आली.

फक्त ह्या सिम्युलेशनमधला राक्षस बहुतेक वेळा नुसता उभा असतो. खरा बॉस, म्हणजे मोठा राक्षस, उडतो, जमिनीत घुसतो, मध्येच त्याला काहीच लागत नाही, आणि मग सहा सेकंद उघडा पडतो. तुमच्या बिल्डला ताकद चढायलाच आठ सेकंद लागत असतील तर कागदावरचा तो मोठा डीपीएस तुम्हाला कधी दिसणारच नाही, आणि शेजारचा पोरगा, ज्याचा आकडा तुमच्या तीन चतुर्थांशच आहे पण पहिल्या सेकंदाला पूर्ण बसतो, तो बॉस पाडून सामान गोळा करून मोकळा होतो.