रोहित बघायचे तर आधी पाणी बघा

ठाणे खाडीत बोटीने फिरून आलेल्या दोघांच्या हकिकती सहसा जुळत नाहीत. एकाला चिखलाच्या कडेने हजारो रोहित (फ्लेमिंगो) माना खाली घालून चरताना दिसलेले असतात. दुसऱ्याला भरपूर पाणी, झाडांचे शेंडे आणि चार बगळे. दोघेही एकाच आठवड्यात, एकाच धक्क्यावरून गेलेले असतात. दुसरा नशिबाला बोल लावतो. खरं तर बहुतेक वेळा फरक पडतो तो पाण्याच्या उंचीने, आणि ती घरबसल्या आधी काढता येते.

ठाण्यापासून मुंबई बंदरापर्यंत ही खाडी सुमारे २६ किलोमीटर लांब आहे. वरच्या टोकाला ती एका चिंचोळ्या फाट्याने उल्हास नदीशी जोडलेली आहे, पण पावसाळा सोडला तर तिकडून गोडं पाणी फारसं येत नाही. म्हणजे खाडीत पाणी किती, हे जवळजवळ सगळं समुद्राच्या हातात. २०१५ मध्ये इथल्या १,६९० हेक्टर क्षेत्राला फ्लेमिंगो अभयारण्याचा दर्जा मिळाला. त्यात ८९६ हेक्टर कांदळवन (खारफुटीचं जंगल) आणि ७९४ हेक्टर पाण्याचा भाग. २०२२ मध्ये ठाणे खाडी रामसर यादीतही, म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाच्या पाणथळींच्या यादीतही आली. वनविभागाचं किनारी व सागरी जैवविविधता केंद्र नवी मुंबईत ऐरोलीला आहे आणि मार्गदर्शकासह बोटीच्या फेऱ्या तिथून निघतात. फेऱ्यांच्या वेळा रोज बदलतात त्या भरती-ओहोटीमुळेच.

आता पाण्याचा हिशोब. कोकण किनाऱ्यावरचा जुना आडाखा असा की तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ निघते. पंचमीला पाच गुणिले पाऊण, म्हणजे पावणेचार. अष्टमीला बरोबर सहा. शुक्ल पक्ष असो की कृष्ण, हिशोब तोच. आणि ही वेळ दिवसाची तशीच रात्रीची, कारण दोन भरत्यांमध्ये साधारण १२ तास २५ मिनिटांचं अंतर असतं. भरतीनंतर सव्वासहा तासांनी पूर्ण ओहोटी. मुंबईच्या छापील भरती-तक्त्याशी ताडून पाहिलं तर हा आडाखा बहुधा तासाभराच्या आत बसतो. शिवाय तक्ता मुंबई बंदराचा असतो, आणि ऐरोलीपर्यंत पाणी चढायला त्याहून थोडा वेळ लागतो. तेवढी सूट धरायची.

वेळेइतकीच महत्त्वाची गोष्ट म्हणजे उंची. अमावास्या-पौर्णिमेच्या आसपास उधाण, म्हणजे सर्वांत मोठी भरती-ओहोटी; अष्टमीच्या आसपास भांग, म्हणजे सर्वांत लहान. दोन्हींचा जोर नेमक्या त्या तिथीला नसतो, एक-दोन दिवस मागाहून येतो. मुंबई बंदरात उधाणाची भरती सरासरी ४.४ मीटरपर्यंत चढते आणि ओहोटी ०.८ मीटरपर्यंत उतरते, म्हणजे ३.६ मीटरचा फरक. भांगेला भरती ३.३ आणि ओहोटी १.९, फरक जेमतेम १.४ मीटर. समुद्राची सरासरी पातळी या मापात अडीच मीटरच्या आसपास येते. कांदळवनाची पाण्याकडची कडही साधारण तिथेच संपते. पाणी अडीच मीटरच्या खाली गेलं की झाडांच्या पुढचा उघडा चिखल वर येऊ लागतो, आणि रोहितांचं ताट वाढलं जातं ते तिथे.

पाणी एकसारख्या वेगाने उतरत नाही. खलाशांचा बारांशाचा नियम इथे कामी येतो. एकूण उताराचे बारा भाग केले तर पहिल्या तासात एक भाग, दुसऱ्यात दोन, तिसऱ्या-चौथ्यात तीन-तीन, पाचव्यात दोन आणि शेवटच्या तासात एक भाग पाणी उतरतं. उधाणाच्या दिवशी दुपारी साडेबाराला ४.४ मीटर पाणी असेल तर दीडला ४.१, अडीचला ३.५ आणि साडेतीनला २.६. म्हणजे चिखल दिसायला भरतीनंतर तीन तास थांबावं लागतं. त्यापुढच्या एकाच तासात पाणी आणखी ०.९ मीटर जातं, धक्क्याजवळही तळ लागू लागतो आणि बोट काढता येत नाही. पक्षीही आहेत आणि बोटीला पाणीही आहे, अशी वेळ उधाणाला फार आखूड असते. ऐन भरतीला तर चिखलाची मैदानं दोन मीटर किंवा त्याहून जास्त पाण्याखाली असतात. तेव्हा रोहित खाडीत थांबतच नाहीत. ते नेरुळच्या डीपीएस तलावासारख्या किंवा भांडुप उदंचन (पंपिंग) केंद्राजवळच्या उथळ पाणथळींवर जाऊन बसतात आणि पाणी उतरल्यावर परततात. ऐन भरतीची फेरी घेतलेल्याला नेमकं तेव्हाचं रिकामं पाणी दिसतं.

भांगेला हेच गणित सैल होतं. नवमी-दशमीला सकाळी सात-साडेसातच्या सुमारास ३.३ मीटर पाणी असेल तर साडेदहापर्यंत ते अडीचवर येतं आणि तिथून पुढे फार खाली जात नाही. उघडा चिखल आणि वाहता नाळ (बोटीपुरता खोल पाण्याचा मार्ग) दोन्ही बराच वेळ सोबत मिळतात. प्रवाहालाही ओढ कमी. सुट्टीचा वार आणि भरतीचा सर्वांत मोठा आकडा बघून नावनोंदणी करणारे बरेच असतात. आमच्या मते भांगेच्या आसपासची, भरतीनंतर तीन-साडेतीन तासांनी निघणारी फेरी मिळत असेल तर ती घ्यावी. नोव्हेंबर-डिसेंबरपासून मे अखेरपर्यंत रोहित असतात, पण थव्यांची खरी गर्दी जानेवारी ते एप्रिल.

बोटीवर एक तक्रार हमखास ऐकू येते : नावाडी जवळ का नेत नाही? रोहित उभे असतात ते वीतभर किंवा हातभर पाण्यात. बोटीला तळाखाली किमान अर्धा-पाऊण मीटर पाणी लागतं. चिखलाचा उतार इतका मंद आहे की तेवढं पाणी पक्ष्यांपासून शंभर-दीडशे मीटर लांब असू शकतं. त्यात पाणी उतरतं असेल तर जोखीम दुप्पट. चढत्या पाण्यात बोट चिखलात बसली तर पंधरा-वीस मिनिटांत आपोआप उचलली जाते. उतरत्या पाण्यात बसली तर पुढचं पाणी येईपर्यंत, म्हणजे पाच-सहा तास, तिथेच. उतरून ढकलायचा विचारही करू नये, त्या चिखलात माणूस मांडीपर्यंत जातो. म्हणून अनुभवी नावाडी पाणी चढतं असेल तर कडेला सरकतो आणि उतरतं असेल तर मधला नाळ सोडत नाही. इंजिनाच्या पंख्यात प्लास्टिकची पिशवी किंवा फाटक्या जाळ्याचा तुकडा गुंडाळला जाणं हीदेखील नेहमीची अडचण. मध्येच इंजिन बंद करून पंखा वर घेतला तर घाबरायचं कारण नाही. सुरक्षा जॅकेट मात्र त्या वेळी अंगात असावं, सीटखाली नव्हे.

जवळ न जाण्याचं दुसरं कारण पक्षी स्वतःच सांगतात. मान खाली म्हणजे चरणं चालू. एकेक मान वर येऊ लागली की त्यांनी बोट हेरली. मग थवा चालू लागतो, सगळे एकाच दिशेला. ही शेवटची सूचना. यानंतरही बोट पुढे गेली तर ते पाण्यावरून धावत सुटतात आणि उडतात. छायाचित्रात हे उड्डाण सुंदर दिसतं, पण इतक्या जड पक्ष्याला धाव घेऊन हवेत चढायला बरीच ताकद खर्चावी लागते, आणि चरायचे तास मोजकेच असतात. चांगला मार्गदर्शक माना वर येताच इंजिन मंद करायला सांगतो. 'जरा उडवा ना' म्हणणाऱ्या प्रवाशाला तो गप्प करत असेल तर त्याला साथ द्यावी.

इथे दोन जातींचे रोहित येतात. संख्येने जास्त तो छोटा रोहित : उंची ८०-९० सेंटीमीटर, चोच काळपट लाल, लांबून काळीच वाटते. मोठा रोहित सव्वा मीटरच्या पुढे, अंगाने पांढुरका, चोच फिकी गुलाबी आणि फक्त टोक काळं. लांबून ओळखायचं तर रंगापेक्षा चोच बघा. करडी-मळकट पिल्लं दोन्ही जातींत असतात, त्यांना वेगळा पक्षी समजू नये. दोघांची चरण्याची रीतही निराळी. चोच उलटी पाण्यात घालून जिभेने पाणी आत ओढायचं आणि चोचीच्या कडांवरच्या बारीक पट्ट्यांमधून गाळून बाहेर ढकलायचं, इथपर्यंत सारखं. पण छोट्या रोहिताची गाळणी फार बारीक असते आणि तो वरच्या थरातलं सूक्ष्म शेवाळ टिपतो. मोठा रोहित मान खोल घालून चिखलातले किडे, अळ्या, बारीक शिंपले काढतो. त्यामुळे दोघे शेजारी उभे असूनही एकमेकांच्या वाट्याला जात नाहीत. पिसांचा गुलाबी रंग या अन्नातल्या रंगद्रव्यांचा आहे.

एवढं शेवाळ खाडीत येतं कुठून? उत्तर फारसं रम्य नाही. दोन्ही काठांवरच्या शहरांचं सांडपाणी खाडीत उतरतं, त्यातल्या नत्र-स्फुरदावर शेवाळ पोसतं, आणि त्यावर रोहित. साचणाऱ्या गाळाने चिखलाची मैदानं आणि तिवरांचा (खारफुटीच्या झाडांचा) पट्टाही वाढला आहे. म्हणून सांडपाणी पक्ष्यांना मानवतं असा निष्कर्ष मात्र काढायला नको. त्याच पाण्यासोबत कारखान्यांची रसायनं आणि जड धातूही येतात, आणि शेवाळ कुजायला लागलं की पाण्यातला प्राणवायू संपवतं.

रोहित लांब असतात तेव्हा काठ बघावा. तो बोटीपासून हातभर अंतरावर येतो, आणि खरं तर सगळा खेळ तिथे चालू असतो. ऐरोलीजवळ सर्वाधिक दिसतं ते तिवर. त्याच्याभोवती पेन्सिलीएवढी मुळं चिखलातून सरळ वर आलेली असतात. इथला चिखल वरचे काही मिलिमीटर सोडले तर प्राणवायूविना असतो. काळा रंग लोहाच्या गंधकयुक्त संयुगांचा, सडक्या अंड्यासारखा वास हायड्रोजन सल्फाइडचा. म्हणून मुळं श्वासासाठी वर येतात. त्यांच्या सालीवर बारीक छिद्रं असतात. पाणी उतरलं की हवा आत जाते आणि आतल्या पोकळ्यांतून खालच्या मुळांपर्यंत पोहोचते. या मुळांवर तेलाचा किंवा प्लास्टिकचा थर बसला की झाड हळूहळू गुदमरतं, पाणी कितीही असलं तरी. तिवराचं पान उन्हात न्याहाळलं तर त्यावर मिठाचे कण चमकतात; शोषलेलं मीठ ते पानांवरच्या ग्रंथींतून बाहेर टाकतं. कांदळाची तऱ्हा वेगळी. तो बहुतेक मीठ मुळांपाशीच अडवतो, आणि त्याच्या फळातलं बी झाडावर असतानाच रुजून हात-दीड हात लांब शेंगेसारखं लोंबतं.

पाणी उतरताना मुळांमध्ये हलणारे मातकट जीव म्हणजे निवट्या. मासा असून ओल्या चिखलावर छातीच्या परांनी सरकत चालतो. कल्ल्यांच्या पोकळीत पाणी साठवलेलं असतं आणि ओलसर कातडीतूनही प्राणवायू घेता येतो. मध्येच तो चिखलात लोळतो ते कातडी ओली ठेवण्यासाठी. निवट्यांवर आणि खेकड्यांवर टपून बसलेला खंड्या, चिखलात लांब वाकडी चोच खुपसणारा कुरल, डोकं डावी-उजवीकडे फिरवत चरणारा उचाट्या, हे सगळे याच पट्ट्यात. कधी कडेच्या झुडपांत कोल्हाही दिसतो.

दुर्बीण न्यायची तर ८×४२, म्हणजे आठपट मोठं करणारी. दहापट मोठं करणारी दुर्बीण हलत्या बोटीत हाताचा कंपही दहापट दाखवते. कॅमेऱ्याचा शटर वेग सेकंदाच्या एक हजारांशाहून जलद ठेवावा. सकाळी पश्चिमेकडचे पक्षी उजेडात असतात, दुपारनंतर पूर्वेकडचे. बसायची बाजू त्यावरून ठरवा. भडक कपडे आणि भोंग्यावरची गाणी नकोत. बोटीवर स्वच्छतागृह नसतं, आणि सावली असली तरी पाण्यावरचं ऊन खालून लागतं, म्हणून टोपी हवीच.

हाच तक्ता वेंगुर्ल्याला उलटा वाचावा लागतो. तिथल्या मांडवी खाडीत बचतगटाच्या महिला वल्ह्याच्या होडीतून कांदळवन दाखवतात. रोहितांचे थवे तिथे नाहीत, बघायची आहेत ती झाडं आणि अरुंद फाटे. दक्षिण कोकणात भरती-ओहोटीतला फरक मुंबईपेक्षा बराच कमी असला तरी पाणी उतरल्यावर त्या फाट्यांत होडी शिरत नाही. तिथे भरतीच्या आधीचा तास गाठायचा. वल्ह्यांना इंजिनाचा आवाज नाही, त्यामुळे खंड्या ऐरोलीपेक्षा कितीतरी जवळ येऊ देतो.