हरित फटाके

हरित फटाके : नेहमीच्या फटाक्यांपेक्षा धूलिकण किमान 30 टक्क्यांनी कमी सुटावेत अशा बेताने दारूचे मिश्रण बदलून केलेले फटाके. बाजारात यांना सरसकट ‘ग्रीन फटाके’ म्हणतात. त्यांची सूत्रे तयार करणारी राष्ट्रीय पर्यावरण अभियांत्रिकी संशोधन संस्था म्हणजे नीरी, आणि परवाने देणारी पेट्रोलियम व स्फोटके सुरक्षा संघटना म्हणजे पेसो. दोन्हींची मुख्यालये नागपुरात आहेत, पहिलीचे नेहरू मार्गावर, दुसरीचे सेमिनरी हिल्सवरच्या सीजीओ (केंद्र सरकारी कार्यालयांच्या) संकुलात. फटाके बनतात तमिळनाडूत शिवकाशीला, खटले चालतात दिल्लीत, पण कोणत्या फटाक्याला हरित म्हणायचे हे नागपूरच्या कागदांवर ठरते.

नावावरून घोटाळा होतो. आतषबाजीतला हिरवा रंग येतो बेरियमच्या क्षारांमुळे (लाल रंग स्ट्रॉन्शियमचा, निळा तांब्याचा), आणि हरित फटाक्यात नेमके बेरियमच वर्ज्य आहे.

नीरीची स्थापना 1958 साली सार्वजनिक आरोग्य अभियांत्रिकीची संस्था म्हणून झाली. पाणी आणि सांडपाणी हे तिचे मूळ काम. आजचे नाव तिला 1974 मध्ये मिळाले. फटाक्यांचा विषय तिच्याकडे आला तो न्यायालयाच्या रेट्यामुळे. 2015 साली दिल्लीतल्या तीन तान्ह्या मुलांच्या वतीने सर्वोच्च न्यायालयात याचिका दाखल झाली. नोव्हेंबर 2016 मध्ये दिल्ली परिसरातले विक्री परवाने स्थगित झाले, जुलै 2017 मध्ये शिसे, पारा, आर्सेनिक, अँटिमनी व लिथियम यांची संयुगे फटाक्यांत वापरायला मनाई झाली, आणि 23 ऑक्टोबर 2018 च्या निकालाने देशभर फक्त कमी प्रदूषण करणारे फटाके विकता येतील असे ठरले. बेरियमचे क्षार आणि लडी (फटाक्यांच्या माळा) बंद, ऑनलाइन विक्री बंद, दिवाळीत वेळ रात्री 8 ते 10. एका बाजूला राज्यघटनेच्या कलम 21 मधला जगण्याचा हक्क, दुसऱ्या बाजूला उत्पादकांचा व्यवसायाचा हक्क आणि धर्मस्वातंत्र्याचा दावा, अशी ही मांडणी होती. संपूर्ण बंदी मागणाऱ्यांना आणि नको म्हणणाऱ्यांना, दोघांनाही तोपर्यंत उत्तर म्हणून दाखवता येईल असा फटाका बाजारात नव्हता. तो 5 ऑक्टोबर 2019 रोजी तत्कालीन विज्ञानमंत्री हर्षवर्धन यांच्या हस्ते आला.

रसायनाच्या बाजूने पाहिले तर अडचण मुळातच आहे. काळ्या दारूत वजनाने साधारण 75 भाग सोरा (पोटॅशियम नायट्रेट), 15 भाग कोळसा आणि 10 भाग गंधक असते. आवाजाच्या फटाक्यात ॲल्युमिनियमची भुकटी येते. सोरा ऑक्सिजन पुरवतो, बाकीचे जळते. त्यातून निघणारे वायू पसरून जातात. पण पोटॅशियमचे क्षार आणि ॲल्युमिनियम ऑक्साइड हे घन पदार्थ आहेत, आणि त्यांचीच बारीक पूड आपल्याला धूर म्हणून दिसते. या मिश्रणांतून धूर कमी करता येतो, शून्यावर आणता येत नाही. नीरीने म्हणूनच कमी करण्याच्या वाटा शोधल्या : कवच लहान करणे, भरताड म्हणून घातली जाणारी राख काढून टाकणे, दारूचे प्रमाण घटवणे, धूळ दाबणारे झिओलाइटसारखे (हे एक सच्छिद्र खनिज) पदार्थ मिसळणे. ‘स्वास’ या प्रकारात फुटताना पाण्याची वाफ सुटते आणि धूलिकण तिला चिकटून खाली बसतात. ‘स्टार’मध्ये सोरा आणि गंधक नाही, ‘सफल’मध्ये ॲल्युमिनियम कमीत कमी. आवाजाची मर्यादा मात्र सगळ्याच फटाक्यांना एक आहे : 4 मीटर अंतरावर 125 डेसिबल.

बेरियमचे कोडे फुलझडीत सर्वांत स्पष्ट दिसते. (पुण्याकडची फुलबाजी नागपुरात फुलझडी होते, आणि भुईनळा अनार.) तारेवरच्या करड्या लेपात परंपरेने बेरियम नायट्रेट, ॲल्युमिनियम, लोखंडाचा कीस आणि चिकटवायला डेक्स्ट्रिन असते. लोखंडाचे तापलेले कण हवेत जळतात, त्या सोनेरी ठिणग्या. बेरियम नायट्रेट हवेतला ओलावा धरत नाही, स्वस्त आहे आणि महिनोन्‌महिने टिकते. त्याला तोडीचा पर्याय सहज मिळत नाही. पण विरघळणारे बेरियम विषारी असते. एक्स-रेच्या आधी जे पांढरे बेरियम प्यायला देतात ते सल्फेट, म्हणजे न विरघळणारे, म्हणूनच ते पोटात चालते. फुलझडी तर सगळ्यांत लहान पोराच्या हातात देतात. ती नाकापासून हातभर अंतरावर जळते, विझल्यावर तारेवर राखेची खपली राहते, ती बोटांना लागते, आणि तीच बोटे फराळाच्या ताटातल्या चकलीकडे जातात. फटाक्यांवरची चर्चा बॉम्बच्या आवाजावर अडकते, ही गोष्ट मला फार खटकते.

बेरियम कमी केलेल्या सूत्रांना आणि लडींना परवानगी द्यावी अशी उत्पादकांची मागणी सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर 2023 मध्ये फेटाळली. हा मनाईहुकूम दिल्लीपुरता नसून सगळ्या देशाला लागू आहे, हे नोव्हेंबरमध्ये स्पष्ट केले. ‘किती कमी’ या प्रश्नावर प्रयोगशाळा प्रमाण सांगते, न्यायालयाला हो किंवा नाही म्हणावे लागते.

30 टक्क्यांचा आकडाही तसाच समजून घ्यावा. हवेतल्या पीएम 2.5 साठी, म्हणजे 2.5 मायक्रोमीटर किंवा त्याहून बारीक धूलिकणांसाठी, 24 तासांची मर्यादा घनमीटरमागे 60 मायक्रोग्रॅम आहे. ती आरोग्यासाठी आखलेली आहे. 30 टक्के ही जुन्या फटाक्याशी केलेली तुलना आहे. सात साधे फटाके जेवढी धूळ सोडतील तेवढी दहा हरित फटाके सोडतात. ‘हरित आहेत, फोडा बिनधास्त’ म्हणून कोणी तीन जास्त घेतले की फायदा संपला. हे साधे त्रैराशिक कोणत्याही पक्षाच्या भाषणात ऐकू येत नाही. सणावर घाला म्हणणारे आणि हवा वाचवा म्हणणारे, दोघेही ‘हरित’ हा शब्द आपापल्या सोयीने वापरतात.

2025 मध्ये हे उघड दिसले. 3 एप्रिलला सर्वोच्च न्यायालयाच्या एका खंडपीठाने दिल्लीतली वर्षभराची बंदी सैल करायला नकार दिला. हरित फटाक्यांचे प्रदूषण अगदी किमान आहे हे आधी सिद्ध व्हावे, असे म्हटले. 15 ऑक्टोबरला तत्कालीन सरन्यायाधीश भूषण गवई यांच्या खंडपीठाने केंद्र आणि दिल्ली सरकारच्या विनंतीवरून दिवाळीपुरती मोजक्या तासांची मुभा दिली. मधल्या सहा महिन्यांत फटाक्यातले रसायन बदलले नव्हते. गवई मूळ अमरावतीचे, त्यांची बरीचशी वकिली नागपूर खंडपीठात झालेली, त्यामुळे विदर्भात या आदेशाची चर्चा जरा जास्तच झाली.

तात्पुरत्या दुकानांसाठी 2008 च्या स्फोटके नियमांत दोन शेडमध्ये 3 मीटर अंतर, दुकाने समोरासमोर नकोत, तेलाचा दिवा नको, अशा अटी आहेत. फटाका हरित असल्याची खूण म्हणजे नीरीचे बोधचिन्ह आणि क्यूआर कोड, पण तो असतो खोक्यावर. खोके फोडून सुटी विकलेली फुलझडी हातात आली, तर तिच्यावर तपासायला काहीच नसते.