वगळलेल्या गुणांमागची जुनी भांडणं

पाच चाचण्या झाल्या. गुण ७२, ८५, ९०, ३८ आणि ७५. बेरीज ३६०, सरासरी ७२. आता शिक्षक म्हणाले, सर्वांत कमी गुण धरायचे नाहीत. ३८ बाजूला काढले की उरतात ३२२, त्यांना चारने भागायचं, सरासरी ८०.५. इथे नेहमीची चूक म्हणजे ३८ वजा करून पुन्हा पाचनेच भागणं. तसं केलं तर वगळलेल्या चाचणीत शून्य दिल्यासारखं होतं. किती गुण वाढले हे एका ओळीत काढता येतं: जुन्या सरासरीतून वगळलेले गुण वजा करा आणि उरलेल्या चाचण्यांच्या संख्येने भागा. (७२ − ३८) ÷ ४, म्हणजे ८.५.

हिशेब एवढाच आहे. पण नको असलेला आकडा काढून टाकण्याचा हक्क आपल्याला आहे का, हा प्रश्न परीक्षांच्या मांडवात फार उशिरा आला. त्याआधी शंभरेक वर्षं तो पृथ्वी मोजणाऱ्यांना आणि आकाश पाहणाऱ्यांना छळत होता.

अठराव्या शतकाच्या मध्यावर रॉजर बॉस्कोविच पृथ्वी ध्रुवांकडे किती चपटी आहे हे शोधत होते. वेगवेगळ्या अक्षांशांवर मोजलेल्या पाच अंतरांच्या जोड्या लावून त्यांना दहा उत्तरं मिळाली आणि ती एकमेकांशी जुळेनात. त्यांनी दहांची सरासरी काढली, मग फारच भरकटलेली दोन उत्तरं टाकून आठांची पुन्हा काढली. आज हे कुणालाही सुचेल, पण तेव्हा पटणं सोपं नव्हतं. १७७७ मध्ये डॅनियल बर्नूली यांनी या सवयीवर नेमकं बोट ठेवलं. ठेवायचं काय आणि फेकायचं काय, याची रेघ कुठे मारणार? कदाचित फेकलेलं निरीक्षणच बाकीच्यांची चूक सुधारणारं असेल. एक सवलत मात्र त्यांनी ठेवली: निरीक्षण घेताना काही अपघात झाला आणि आकडे शेजारी मांडून पाहण्याआधीच मनात शंका आली, तर ते खुशाल वगळा. परीक्षेच्या भाषेत सांगायचं तर तापात दिलेला पेपर वगळा, पण तो तापात दिला होता म्हणून. गुण कमी पडले म्हणून नव्हे. मला वाटतं, या विषयावर याहून नेमकं कुणी बोललेलं नाही.

१८२१ च्या एका फ्रेंच गणित नियतकालिकात निनावी लेखकाने एक रीत नोंदवली आहे. फ्रान्सच्या काही प्रांतांत जमिनीचं सरासरी उत्पन्न ठरवताना सलग वीस वर्षांचे आकडे घेत, सर्वांत चांगलं आणि सर्वांत वाईट अशी दोन वर्षं काढत आणि उरलेल्या बेरजेला अठराने भागत. दोन्ही टोकं काढत, हे महत्त्वाचं. सुगीचं वर्ष धरून ठेवायचं आणि दुष्काळाचं तेवढं पुसायचं, असा सौदा तिथे नव्हता. पुढे १८५२ मध्ये बेंजामिन पियर्स यांनी संशयास्पद निरीक्षण कधी टाकावं याची गणिती कसोटी दिली, तिच्यावरही वाद झाले. १९६२ मध्ये जॉन ट्यूकी यांनी टोकं छाटून काढलेल्या सरासरीला संख्याशास्त्रात मानाचं पान दिलं, तेही दोन्ही बाजूंनी सारखं छाटून.

गुणपत्रिका या वंशात शिरली ती फ्रान्सिस एजवर्थ यांच्यामुळे. परीक्षकाने दिलेले गुण हेही मोजमापच, आणि दुर्बिणीतल्या निरीक्षणाइतकंच चुकणारं, असं त्यांनी १८८८ मध्ये मांडलं. हे मान्य केलं की एका वाईट दिवसाला माफी देणं ओघाने येतं. पण शाळा-महाविद्यालयांत जी माफी मिळते ती एकतर्फी. नशिबाने मिळालेले ९० कुणी कापत नाही.

एकतर्फी छाटणीचा परिणाम सर्वांत ठसठशीत दिसला तो शर्यतीच्या मैदानात. फॉर्म्युला वनच्या पहिल्या, १९५० च्या हंगामात सातपैकी चारच उत्तम निकाल धरले जात. १९८८ मध्ये सोळापैकी अकरा. त्या वर्षी अलेन प्रॉस्ट यांचे एकूण गुण १०५ आणि आयर्टन सेना यांचे ९४. वगळायचे ते वगळल्यावर प्रॉस्ट ८७ वर आले, सेना ९० वर, आणि विजेतेपद सेना यांचं. १९९१ पासून सगळे निकाल धरू लागले. वर्गातही हेच घडतं. चारही वेळा ७० मिळवणारी मुलगी आणि ९०, ८०, ७०, ४० मिळवणारा मुलगा, दोघांची सरासरी ७०. सर्वांत कमी गुण काढा: ती ७० वरच, तो ८० वर.

चाचण्या वेगवेगळ्या गुणांच्या असल्या की गंमत वाढते. समजा, एकूण मिळालेल्या गुणांना एकूण कमाल गुणांनी भागायचं आहे. एका पेपरात १०० पैकी १००, दोन पेपरांत १०० पैकी ६०, आणि २० गुणांच्या चाचणीत चक्क शून्य. एकच वगळायची मुभा असेल तर शून्यच काढावं. ३०० पैकी २२०, म्हणजे ७३.३ टक्के होतात. दोन वगळायची मुभा मिळाली तर? शून्य आणि एक साठ काढले तर २०० पैकी १६०, ८० टक्के. पण दोन्ही साठ काढून शून्य तसंच ठेवलं तर १२० पैकी १००, म्हणजे ८३.३ टक्के! डॅनियल केन आणि जोनाथन केन यांनी २००६ मध्ये नेमका हा प्रश्न घेऊन, प्रत्येक जोडी तपासत न बसता उत्तम निवड झटपट कशी काढावी हे दाखवलं. त्यांच्या रीतीचं मर्म असं की टक्केवारी पाहायची नाही. आपल्याला मिळू शकणारी अंतिम सरासरी आधी धरायची आणि त्या दराने प्रत्येक पेपर किती गुणांनी तोट्यात जातो ते पाहायचं. ८३.३ च्या दराने साठचा पेपर २३ हून अधिक गुणांनी मागे पडतो, शून्याची चाचणी जेमतेम १७ गुणांनी.