स्फटिकगुहा (कल्पित)

स्फटिकांनी मढलेल्या भिंतींची, आत शिरणाऱ्यासाठी काळाची गती बदलणारी भूमिगत गुहामालिका. अशी गुहा प्रत्यक्षात नाही. कल्पनेत दोन धागे मिसळलेले दिसतात : रत्नांनी लखलखणारे बिळ आणि बाहेर पडल्यावर जग पालटलेले दिसते ती गुहा.

वाल्मीकिरामायणाच्या किष्किंधाकांडातील ऋक्षबिलात हे दोन्ही धागे जवळ येतात. तहानलेले वानर ओल्या पंखांचे पक्षी बाहेर येताना पाहून आत शिरतात. मयासुराने निर्मिलेल्या त्या बिळात सोन्याची झाडे असून स्वयंप्रभा ही तापसी तेथे राखण करते. वानर बाहेर पडतात तोवर सुग्रीवाने घातलेली महिन्याची मुदत टळून गेलेली असते. बिळात काळ वेगळा चालत होता, असा अर्थ यावरून काढण्याचा मोह होतो. संहितेला मात्र त्यांची दीर्घ भटकंती पुरेशी वाटते.

भागवताच्या दशम स्कंधातील मुचुकुंदाची कथा अधिक स्पष्ट आहे. देवांसाठी लढून थकलेला हा राजा गुहेत झोपतो. कृष्णाचा मथुरेहून पाठलाग करत आलेला यवन राजा कालयवन त्याला लाथ मारून जागे करतो आणि त्याची दृष्टी पडताच भस्म होतो. बाहेर आल्यावर माणसे, पशू व झाडे खुजी झालेली पाहून मुचुकुंद कलियुग आल्याचे ओळखतो. ही गुहा कोणती, याबद्दल एकमत नाही. गिरनार (गुजरात) व धौलपूर (राजस्थान) असे दोन दावे प्रसिद्ध आहेत. मथुरेचे सान्निध्य धौलपूरच्या बाजूचे आहे. परंतु कृष्णाने यवनाला ‘दूर’ पर्वतकंदरात नेले, हा मूळ शब्द आणि यादवांचे द्वारकेला झालेले स्थलांतर पाहता गिरनारचे पारडे किंचित जड वाटते. पुराण पर्वताचे नाव सांगत नाही, त्यामुळे हा निर्णय स्थळपरंपरेवरच अवलंबून राहतो. येथे काळ बदलत नाही, राजा झोपलेला असतो. ककुद्मी राजाच्या कथेत याच्या उलट आहे : कन्या रेवतीला घेऊन तो ब्रह्मलोकात थोडाच वेळ थांबतो, तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे लोटतात. स्थानामुळेच काळ बदलण्याची कल्पना या कथेत आहे, पण तिच्यात गुहा नाही.

प्रत्यक्षातील गुहा व स्फटिकांकडे वळता, पुणे परिसरात चुनखडकाचे जाड थर नसल्याने पाण्याने विरघळून झालेल्या लांबलचक गुहा येथे संभवत नाहीत. पुण्यातील पाताळेश्वर हे बेसाल्टात (लाव्हा थिजून झालेल्या काळ्या खडकात) खोदलेले लेणे असून ते साधारणतः आठव्या शतकातील मानतात. स्फटिकांनी मढलेल्या लहान पोकळ्या मात्र येथे विपुल आहेत. दक्षिण ट्रॅपच्या (दख्खनच्या पठारावरील बेसाल्ट थरांच्या) लाव्ह्यात अडकलेल्या वायूच्या बुडबुड्यांची कुहरे (पोकळ्या) पुढे स्टिल्बाइट, हेउलँडाइट, ॲपोफायलाइट, गार (क्वार्ट्झ) इत्यादी खनिजांनी भरली. पुण्याजवळच्या वाघोलीच्या दगडखाणींतील निळा कॅव्हन्साइट जगभरच्या संग्राहकांना ठाऊक आहे. हे खनिज प्रथम अमेरिकेतील ऑरेगन राज्यात सापडले. कॅल्शियम, व्हॅनेडियम व सिलिकेट यांवरून त्याला नाव मिळाले.

ही खनिजे केव्हा वाढली, हा खरा वादाचा मुद्दा आहे. बेसाल्ट सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीचा. लाव्हा निवत असतानाच्या उष्ण द्रवांतून स्फटिक जमले, असे एक मत. थर गाडले गेल्यावर मुरलेल्या पाण्यातून ते टप्प्याटप्प्याने वाढले, असे दुसरे. ॲपोफायलाइटच्या काही नमुन्यांची किरणोत्सारी मूलद्रव्यांवरून काढलेली वये खडकापेक्षा बरीच अलीकडची निघाल्याने निदान त्या खनिजापुरते दुसरे मत अधिक ग्राह्य ठरते. म्हणजे मुठीएवढ्या कुहरात भिंत आणि तिच्यावरचा स्फटिक वेगवेगळ्या युगांतले असू शकतात. मोठ्या स्फटिकगुहेचे ठळक उदाहरण मेक्सिकोतील नाइका खाणीत २००० साली उघडकीस आले. तेथील जिप्समचे काही स्फटिक ११ मीटरांहून लांब असून तापमान ५८ अंश सेल्सियसपर्यंत नोंदले गेले.

गुरुत्वाकर्षणामुळे खोलवरचे घड्याळ खरोखर मंदावते. पण एक किलोमीटर खोलीवर हा फरक वर्षाला साडेतीन मायक्रोसेकंदांच्या आसपास भरतो. माणसाचे कालभान त्याहून कितीतरी अधिक फसते. फ्रेंच गुहासंशोधक मिशेल सिफ्र हे १९६२ मध्ये आल्प्समधील गुहेत घड्याळाविना सुमारे दोन महिने राहिले. १४ सप्टेंबरला बाहेर आले तेव्हा त्यांच्या हिशेबाने २० ऑगस्ट होता. एकशेवीस सेकंद मोजायला त्यांना पाच मिनिटे लागत असत.

भौतिकशास्त्रज्ञ फ्रँक विल्चेक यांनी २०१२ मध्ये मांडलेल्या ‘काल-स्फटिक’ (ज्याची रचना अवकाशाऐवजी काळात पुनरावृत्त होते) या संकल्पनेचा गुहांशी संबंध नाही.