झँडमन, फेलिक्स

(7 मे 1927 – 4 जून 2011). नाझी संहारातून वाचलेले ज्यू भौतिकशास्त्रज्ञ, विशे इंटरटेक्नॉलॉजी या अमेरिकन इलेक्ट्रॉनिक्स कंपनीचे संस्थापक आणि मोठे देणगीदार. जन्म ग्रोडनोचा. हे शहर तेव्हा पोलंडमध्ये होतं, 1939 ला सोव्हिएत सैन्याने घेतलं, जून 1941 ला जर्मनांनी घेतलं आणि आज ते बेलारूसमध्ये आहे, त्यामुळे कुठे त्यांना पोलिश लिहितात तर कुठे बेलारूसी. जन्मावेळची सीमा धरली तर पोलिश-ज्यू म्हणणंच जास्त बरोबर.

ग्रोडनोत नोव्हेंबर 1941 मध्ये दोन घेट्टो (ज्यूंना कोंडून ठेवायच्या वस्त्या) केले गेले आणि 1942 च्या शेवटापासून मार्च 1943 पर्यंत तिथल्या ज्यूंना ट्रेनमध्ये कोंबून ऑश्विट्झ आणि ट्रेब्लिंका या नाझी मृत्युछावण्यांना पाठवलं गेलं. फेलिक्सचे आईवडील, बहीण यात गेले. ते स्वतः पळून शहराजवळच्या लोसोस्ना गावी यानोवा (आन्ना) पुचाल्स्का या कॅथलिक बाईकडे पोचले. फेलिक्सच्या आजोळच्या लोकांचं त्या गावात उन्हाळ्यात राहायचं घर होतं, पुचाल्स्की कुटुंब त्याची देखभाल करायचं, आणि पूर्वी बाळंतपणाच्या अडचणीत आजीने, म्हणजे तेमा फ्रायडोविचने, यानोवाला मदत केली होती, ते ती विसरली नव्हती. घरात पाच मुलं, ज्यूंना लपवलं तर शिक्षा मरणाची, तरी तिने ठेवून घेतलं. लपायची जागा म्हणजे जमिनीखाली खणलेला खड्डा, साधारण पावणेदोन मीटर लांब, दीड मीटर रुंद आणि उभं राहता येणार नाही इतका बुटका, त्यात मामा सेंडर फ्रायडोविच आणि आणखी काही जण. मुक्काम 17 महिन्यांचा होता असं सगळीकडे येतं. ग्रोडनोत रेड आर्मी (सोव्हिएत सैन्य) जुलै 1944 मध्ये शिरली, म्हणजे लपायला सुरुवात फेब्रुवारी 1943 च्या आसपास धरायला हरकत नाही. पुढे याद वाशेम या इस्रायलच्या संहार-स्मारक संस्थेने पुचाल्स्की पतीपत्नींना ‘राष्ट्रांमधील सत्पुरुष’ हा ज्यूंना वाचवणाऱ्या बिगरज्यूंसाठीचा सन्मान दिला.

मामाने त्या अंधारात भाच्याला त्रिकोणमिती आणि गणित शिकवलं. कागद नाही, उजेड नाही, सगळं तोंडी आणि डोक्यात. ही माहिती मुख्यतः झँडमन यांच्या 1995 च्या आत्मचरित्रातली आहे. त्याच्यावर अविश्वास ठेवायचं कारण दिसत नाही, पण पुढच्या सगळ्या संशोधनाचं मूळ त्या खड्ड्यातच होतं असं जे सर्रास लिहिलं जातं ते थोडं ताणलेलं वाटतं, कारण मध्ये फ्रान्समधलं पक्कं शिक्षण आहे. 1946 मध्ये ते फ्रान्सला गेले, नान्सीला फिजिक्स आणि इंजिनिअरिंग शिकले आणि पॅरिसच्या सोरबॉन विद्यापीठातून डॉक्टरेट घेतली.

त्यांचा विषय होता फोटोइलॅस्टिसिटी. काही पारदर्शक प्लास्टिक ताणलं आणि ध्रुवित (एकाच दिशेत कंप पावणाऱ्या) प्रकाशात बघितलं की त्यात रंगांचे पट्टे दिसतात, पट्ट्यांवरून ताण किती ते काढता येतं. आधी यासाठी यंत्राच्या भागाचं प्लास्टिकचं मॉडेल बनवावं लागायचं, झँडमन यांच्या पद्धतीत खऱ्या धातूच्या भागावरच प्लास्टिकचा थर चिकटवतात. याचा शोध कुणाचा यावर मात्र एकमत नाही. फ्रेंच इंजिनिअर मेनाजे यांनी 1930 च्या सुमारास भागावर काच चिकटवायची कल्पना मांडली होती, पण काच कडक असल्याने ती व्यवहारात फारशी चालली नाही. अमेरिकन लिखाणात झँडमनना सरळ जनक म्हणतात. कल्पना आधीची, ती वापरण्याजोगी त्यांनी केली, हे मत आम्हाला जास्त पटतं.

1956 ला ते अमेरिकेत आले आणि 1962 मध्ये नातेवाईक आल्फ्रेड स्लेनर यांच्या पैशाच्या मदतीने पेनसिल्व्हेनियातल्या माल्व्हर्नला कंपनी काढली. विशे हे लिथुआनियातलं पूर्वजांचं गाव, तिथले नातलग संहारात मारले गेले, त्यांच्या आठवणीसाठी कंपनीला हेच नाव दिलं.

सुरुवातीची उत्पादनं दोन, फॉइल स्ट्रेन गेज (पातळ पत्र्याचा ताणमापक) आणि फॉइल रेझिस्टर (सर्किटमध्ये विजेला ठरावीक अडथळा करणारा पातळ पत्र्याचा भाग). दोन्हीमागचं फिजिक्स एकच आहे, धातूचा पत्रा ताणला की त्याचा रोध, म्हणजे विजेला होणारा अडथळा, बदलतो. गेजमध्ये हा बदल मोजायचा असतो, रेझिस्टरमध्ये तो नको असतो. झँडमन यांनी काही मायक्रॉन जाडीचा निकेल-क्रोमियम मिश्रधातूचा पत्रा सिरॅमिकवर चिकटवला. तापमान वाढलं की धातूचा रोध किंचित वाढतो, पण सिरॅमिक पत्र्यापेक्षा कमी प्रसरण पावतं म्हणून पत्रा दाबला जातो आणि त्या दाबाने रोध कमी होतो, हे दोन परिणाम एकमेकांना जवळजवळ खोडतात. म्हणजे ताण मोजणाऱ्या माणसाने ताणच कामाला लावला, आणि हाच त्यांच्या कामाचा खरा गाभा आहे. 1000 ओहमचा साधा मेटल फिल्म रेझिस्टर (अंशाला दशलक्षात 100 भाग बदलणारा) 50 अंश तापला तर 5 ओहम सरकतो, विशेच्याच नंतरच्या झेड फॉइल रेझिस्टरमध्ये (दशलक्षात 0.2 भाग) हाच बदल 0.01 ओहम. अचूक वजनकाटे, मोजणीची उपकरणं, उपग्रह अशा ठिकाणी याची गरज लागते.

1985 ला डेल इलेक्ट्रॉनिक्स, 1992 ला स्प्रॅग, 1998 ला टेमिक आणि त्याबरोबर सिलिकॉनिक्स, 2001 ला जनरल सेमीकंडक्टर अशा कंपन्या घेत विशे मोठी झाली. पुण्याजवळ लोणी काळभोरलाही तिचा कारखाना आहे. इस्रायलमध्ये होलोन, डिमोना, मिग्दाल हाएमेक इथे झँडमन यांनी कारखाने काढले, डिमोना तर नेगेव्हच्या वाळवंटातलं गाव, तिथे मुद्दाम रोजगार नेणं हेही त्यांच्या दानधर्मातच धरायला हवं. रोख देणग्यांपैकी ठळक म्हणजे तेल अवीव विद्यापीठातली इंजिनिअरिंगची झँडमन-स्लेनर पदव्युत्तर शाळा. फ्रान्सने त्यांना लेजियाँ द'ऑनर हा आपला सर्वोच्च सन्मान दिला. जुलै 2010 मध्ये फॉइलचा धंदा विशे प्रिसिजन ग्रुप नावाने वेगळा झाला.